बंद व्हिडिओ लायब्ररीचा माल वाचनालयात दाखल करताना: निपाणी–बेळगाव पट्ट्यातलं एक प्रकरण

निपाणीकडच्या एका व्हिडिओ लायब्ररीचं शटर कायमचं खाली आलं आणि मालकाच्या घरच्यांनी आतला सगळा माल बेळगावातल्या एका सार्वजनिक वाचनालयाला देऊन टाकला. सुमारे ९०० व्हीसीडी, २६० डीव्हीडी, घरी बर्न केलेल्या ४० सीडी, शंभरेक व्हीएचएस कॅसेट, दोन हार्ड डिस्क, कव्हरांचे चार खोके आणि भाड्याची दोन रजिस्टरं असा तो ऐवज होता. (संस्थेचं नाव गाळलं आहे, आकडे पूर्णांकात आणले आहेत.) देणाऱ्यांच्या हिशेबाने हे ‘हजारभर पिक्चर’ होते. तालिका (संग्रहाची तपशीलवार सूची) पुरी झाली तेव्हा वेगवेगळे चित्रपट निघाले साधारण ५६०.

हजाराचे ५६० झाले ते चोरीमुळे नव्हे, मोजण्याच्या पद्धतीमुळे. व्हीसीडीच्या एका तबकडीवर ७४ ते ८० मिनिटांचं चित्रण मावतं, त्यामुळे आपल्याकडचा चित्रपट दोन तबकड्यांवर येतो, कधी तीन. गाजलेल्या चित्रपटाच्या चार-चार प्रती दुकानात असतात. उलट ‘थ्री इन वन’ डीव्हीडीत एका तबकडीवर तीन चित्रपट बसतात. डबी, तबकडी, प्रत आणि चित्रपट या चार वेगळ्या गोष्टी आहेत आणि व्हिडिओ लायब्ररीच्या वहीत त्या चारींना एकच नंबर असतो. या प्रकरणातल्या बहुतेक अडचणी तिथूनच निघाल्या.

माल आला कसा

अशा दुकानांची रीत माहीत असेल तर पुढचा गोंधळ लगेच कळतो. कव्हरं भिंतीवरच्या रॅकमध्ये दिसायला लावलेली, तबकड्या मात्र काउंटरमागे प्लॅस्टिकच्या पाकिटात. गिऱ्हाईक कव्हर बघून नंबर सांगणार, पोरगा मागून पाकीट काढून देणार. म्हणजे कव्हर आणि तबकडी वर्षानुवर्षं एकमेकांना भेटतच नाहीत. दुकान आवरताना घाईने जी तबकडी हाती लागेल ती जवळच्या डबीत घातली गेली. तपासणीत दर सात-आठ डब्यांमागे एका डबीत भलताच चित्रपट निघाला.

नंबरांचीही तीच गत. मराठीला ‘एम’, कन्नडला ‘के’, हिंदीला ‘एच’ आणि पुढे आकडा, अशी खूण तबकडीवर मार्करने केलेली. पण एखादी तबकडी खराब झाली की तोच नंबर नव्या चित्रपटाला देण्याची सवय. रजिस्टरांत ‘एम-२१४’ या एकाच नंबरापुढे वेगवेगळ्या काळात तीन चित्रपट सापडले. दुकानाच्या रोजच्या कामाला ही पद्धत पुरेशी होती, कारण मालकाला सगळं तोंडपाठ. “रजिस्टर कशाला, रॅकवर बघा की,” हे त्याचं उत्तर त्याच्या जागी बरोबरच होतं. माणूस गेला की ती पद्धतही जाते.

वाचनालयातल्या उत्साही मुलांनी पहिल्याच दिवशी कव्हरांवरची नावं बघून सगळं अकारविल्हे लावायला घेतलं. दोन कप्पे भरल्यावर ग्रंथपालांनी ते थांबवलं. दुकानातला मूळ क्रम हीसुद्धा माहिती असते. शेजारच्या पाकिटात त्याच चित्रपटाचा दुसरा भाग असण्याची शक्यता सर्वांत जास्त, आणि क्रम मोडला की हा धागा तुटतो. त्या दोन कप्प्यांतले सुटे भाग जुळवायला बाकीच्यांपेक्षा बराच जास्त वेळ लागला.

खोकी फोडण्याआधी

प्रत्येक खोक्याला क्रमांक, प्रत्येक थराचा मोबाइलवर फोटो, आणि तो क्रमांक पुढच्या प्रत्येक नोंदीत एका रकान्यात. याला अर्धा दिवस जातो. तो वाचवू नये.

कॅसेट त्याच दिवशी वेगळ्या खोलीत ठेवल्या. बेळगाव-खानापूरचा पावसाळा कॅसेटला मानवत नाही. कॅसेटच्या खिडकीतून आत पाहिलं की फितीच्या गुंडाळीवर पांढरट पिठासारखी बुरशी दिसते. अशी कॅसेट व्हीसीआरमध्ये घालायची नाही. एक बुरसटलेली फीत यंत्राच्या हेडवर घाण सोडते आणि नंतर लावलेल्या चांगल्या कॅसेटही खराब करते. शंभरातल्या तिसेक कॅसेट अशा निघाल्या. त्या घट्ट बंद पिशव्यांत घालून, ‘लावू नये’ लिहून बाजूला ठेवल्या.

तबकड्यांची पाकिटं मऊ पीव्हीसीची होती. उन्हाळ्यात ती चिकट होतात आणि तबकडीवर तेलकट डाग सोडतात. ती सगळी फेकून पॉलिप्रॉपिलीनची पाकिटं आणि कडक डब्या घेतल्या. या संपूर्ण कामातला पैशाचा मोठा खर्च एवढाच.

दाखल क्रमांक कशाला द्यायचा

ग्रंथालयात एका पुस्तकाला एक दाखल क्रमांक (दाखल वहीत नोंदताना मिळणारा कायमचा क्रमांक), हे सरळ आहे. इथे पहिला प्रस्ताव होता तो एका चित्रपटाच्या संचाला एक क्रमांक आणि भागांना ‘-१’, ‘-२’ असं शेपूट लावायचा. कागदावर तो नीटस दिसतो. पण कोणत्या दोन तबकड्या मिळून संच होतो हे सुरुवातीला माहीतच नसतं, आणि चुकीची जोडी लावून क्रमांक दिला की पुढे तो खोडावा लागतो. दाखल वहीत खोडाखोड चालत नाही. म्हणून प्रत्येक तबकडीला आणि कॅसेटला स्वतंत्र क्रमांक दिला आणि ‘संच’ हा वेगळा रकाना ठेवला. जोडी नंतर सापडली की त्या रकान्यात पहिल्या तबकडीचा क्रमांक भरायचा. जोडी मोडली तरी दाखल क्रमांक तोच राहतो.

क्रमांक लिहायचा कुठे, याला नियम आहे. सीडीत आणि व्हीसीडीत माहितीचा थर लेबलच्या बाजूला, वार्निशच्या पातळ पापुद्र्याखाली असतो. खालच्या चकचकीत बाजूपेक्षा वरची छापील बाजूच जास्त नाजूक. तिथे टोकदार पेनने लिहिलं किंवा स्टिकर चिकटवून नंतर ओढला तर थरच निघून येतो. डीव्हीडीत हा थर ०.६ मिलिमीटरच्या दोन चकत्यांच्या मध्ये असल्याने ती थोडी सुरक्षित, पण एका बाजूला स्टिकर लावला की वेगाने फिरताना तोल जातो. क्रमांक फक्त मधल्या भोकाभोवतीच्या पारदर्शक कड्यावर, पाण्याच्या शाईच्या मार्करने. डबीला मात्र हवं ते लेबल लावा.

तबकडीत खरोखर काय आहे

कव्हरवर विश्वास नाही हे ठरल्यावर प्रत्येक तबकडी संगणकात घालून बघणं आलं. संपूर्ण चित्रपट बघायची गरज नसते. पहिल्या भागाची सुरुवातीची दोन-तीन मिनिटं (वितरकाच्या जाहिराती ओलांडून), सेन्सॉरचं प्रमाणपत्र, नामावली, पहिल्या भागाचा शेवट, दुसऱ्याची सुरुवात आणि शेवटची पाटी एवढं बघितलं की पुरतं. हात बसल्यावर दोन तबकड्यांच्या चित्रपटाला सात-आठ मिनिटं लागतात. पहिला भाग ज्या दृश्यावर तुटतो तिथूनच दुसरा सुरू व्हायला हवा. मध्ये दृश्य गळत असेल तर एक तर तीन भागांतला मधला भाग हरवला आहे, किंवा दोन वेगळ्या कंपन्यांच्या प्रतींचे भाग एकत्र आले आहेत.

हे दुसरं फार वेळा होतं. ते ओळखायला तबकडीच्या खालच्या बाजूला, मधल्या कड्याजवळच्या आरशासारख्या पट्टीवर कारखान्यात कोरलेला क्रमांक वाचावा. दिवा तिरपा धरला की तो दिसतो. एकाच मूळ साच्यातून निघालेल्या प्रतींवर तो सारखा असतो, आणि एका संचाच्या भागांवर बऱ्याचदा लागोपाठचा. सुट्या राहिलेल्या दुसऱ्या भागांपैकी निम्म्याहून जास्त या क्रमांकानेच जुळले.

व्हीसीडी तपासताना ‘आधी फाइल संगणकावर उतरवून घेऊ’ ही घाई नडते. ‘एमपेगएव्ही’ फोल्डरमधली ‘डॅट’ फाइल ओढून कॉपी करायला गेलं की ओरखडा आला तिथे कॉपी थांबते आणि आधीचंही वाया जातं. कारण असं, की साध्या डेटा सीडीत २,३५२ बाइटांच्या तुकड्यात २,०४८ बाइट माहिती आणि बाकी जागेत चूक दुरुस्त करण्याची सोय असते. व्हीसीडीच्या चित्रणाच्या तुकड्यात २,३२४ बाइट चित्रणालाच दिलेले असतात, ती जादा सोय नसते. त्यामुळे व्हीएलसीसारख्या प्लेअरमधून थेट तबकडीवरून बघावं. प्लेअर खराब जागा ओलांडून पुढे जातो, कॉपीचा प्रोग्रॅम जात नाही.

पुसायचं असेल तर मऊ सुती कापड किंचित ओलं करून मधून बाहेर, सरळ रेषेत. गोल गोल पुसलं तर पडणारा ओरखडा माहितीच्या मार्गाबरोबरच धावतो आणि सलग भाग खातो. आडवा ओरखडा बहुतेक वेळा निभावतो.

लांबी जुळते का

व्हीसीडीवाल्यांनी चित्रपट दोन तबकड्यांत बसवायला गाणी कापलेली असतात, हे सगळ्यांना माहीत आहे. पण किती कापलं हे मोजता येतं, ते फार कमी जण करतात. प्रमाणपत्रावर चित्रपटाची लांबी मीटरमध्ये असते. ३५ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चौकटींनी मिनिटाला २७.४ मीटर धावते. ४,११५ मीटरला २७.४ ने भागलं की १५० मिनिटं. आता पॅल पद्धतीच्या (आपल्याकडच्या टीव्हीच्या चित्रपद्धतीच्या) व्हीसीडीत चित्रण सेकंदाला २५ चौकटींनी चालतं, म्हणजे तोच चित्रपट काही न कापताही ४ टक्क्यांनी लवकर संपतो आणि १४४ मिनिटांचा होतो. दोन तबकड्यांची बेरीज १४३-१४४ आली तर प्रत पुरी. १३१ आली तर तेरा मिनिटं गेली. सुरुवातीला प्रत्येक व्हीसीडीपुढे ‘अपूर्ण’ असा शेरा पडत होता, कारण कोणी हे ४ टक्के धरलेच नव्हते.

प्रमाणपत्र वाचायलाही डोळा लागतो. व्हीसीडीचं चित्र ३५२ बाय २८८ ठिपक्यांचं, त्यात ३ आणि ८ सारखेच दिसतात. शंका असेल तर आकड्यापुढे प्रश्नचिन्ह टाकावं, अंदाज लिहू नये.

तीन भाषांचा कप्पा

सीमाभागातल्या संग्रहाची खरी मेख इथे आहे. पुण्या-मुंबईच्या संग्रहात ‘भाषा’ हा एक रकाना पुरतो. इथे तीन लागले: चित्रपट मुळात कोणत्या भाषेत झाला, या तबकडीवर कोणती भाषा ऐकू येते, आणि कव्हर कोणत्या भाषेत आहे.

प्रभात कंपनीपासून मराठी चित्रपट एकाच वेळी हिंदीतही काढण्याची पद्धत होती. १९३७ चा ‘कुंकू’ आणि ‘दुनिया ना माने’ ही तशी जोडी. १९८२ चा ‘उंबरठा’ आणि ‘सुबह’ ही अलीकडची. ‘एम’ खुणेच्या पाकिटात हिंदी आवृत्ती निघाली तर ती ‘डब केलेला मराठी चित्रपट’ नव्हे. अशा जोडीसाठी दोन स्वतंत्र चित्रपट नोंदी करायच्या आणि ‘जोड’ रकान्यात एकमेकांचे क्रमांक द्यायचे, असा नियम ठरला. नुसतं डबिंग असेल तर चित्रपट नोंद एकच, फरक फक्त प्रतीच्या नोंदीत.

कन्नड पाकिटांबाबत मुलांनी नेमकी उलट चूक केली. कथा ओळखीची वाटली, दृश्यंही हिंदीसारखी दिसली की ‘कन्नड डब’ असा शेरा. पण १९६० च्या दशकातल्या आंदोलनानंतर कन्नडमध्ये डबिंग व्यवहारात जवळपास बंदच होतं. ते रोखणाऱ्या संघटनांना स्पर्धा आयोगाने २०१५ मध्ये दंड केला, त्यानंतर चित्र बदलू लागलं. त्यामुळे या संग्रहाच्या काळातला कन्नड चित्रपट ओळखीचा वाटला तर तो बहुधा रीमेक असतो, म्हणजे वेगळे कलाकार, वेगळा दिग्दर्शक आणि वेगळी नोंद. ‘सैराट’ (२०१६) आणि ‘मनसु मल्लिगे’ (२०१७) हे सर्वांच्या माहितीतलं उदाहरण. नायिका दोन्हीकडे एकच असल्याने इथे घोटाळा आणखी सहज होतो. अशा नोंदीत ‘जोड’ नाही, ‘आधार’ हा रकाना भरायचा.

नुसतं नाव सारखं असणं हा तिसरा प्रकार. ‘संत तुकाराम’ म्हटलं की मराठी माणसाला १९३६ चा प्रभातचा चित्रपट आठवतो. पण राजकुमार यांचा त्याच नावाचा कन्नड चित्रपट १९६३ चा आहे. ‘श्यामची आई’ १९५३ चा आणि २०२३ चा, आणि नवाही कृष्णधवल असल्याने चित्राच्या रंगावरून निर्णय करता येत नाही. कन्नड ‘नागरहावु’ १९७२ चा आणि २०१६ चा. नावापुढे साल असल्याशिवाय कोणतीही यादी छापायची नाही, हा नियम यातूनच आला. फाइलींना आपोआप पोस्टर आणि माहिती चिकटवणारे प्रोग्रॅमही अशाच ठिकाणी ठेचकाळतात. रोमन लिपीतलं नाव जुळलं की ते नव्या चित्रपटाचं पोस्टर जुन्याला लावून मोकळे होतात.

भाषेवरून निर्मितीचं ठिकाण ठरवणं या पट्ट्यात तर अगदीच धोक्याचं. कन्नडमधला पहिला बोलपट ‘सती सुलोचना’ (१९३४) कोल्हापुरात चित्रित झाला होता. ‘भाषा’ आणि ‘चित्रीकरण/निर्मितीचं ठिकाण’ हे रकाने एकमेकांवरून भरू नयेत. कळलं नसेल तर जागा रिकामी सोडावी.

माणसांची नावं

वाचक नावाने विचारतो. “राजकुमारचे पिक्चर काढा” म्हटलं तर इथे लगेच विचारावं लागतं, कुठला? हिंदीतले राज कुमार (१९२६–१९९६) वेगळे, कन्नडचे राजकुमार (१९२९–२००६) वेगळे, आणि नाव जोडून की तोडून लिहिलं यावर विसंबता येत नाही. म्हणून नावांची स्वतंत्र यादी केली. प्रत्येक व्यक्तीला एक क्रमांक, एक ठरलेलं रूप, आणि बाकीची रूपं ‘पाहा’ म्हणून. व्ही. शांताराम, शांताराम वणकुद्रे हे एकाच नोंदीकडे. गिरीश कर्नाड आणि कार्नाड हेही एकाच. चित्रपटाच्या नोंदीत नाव टाईप करायचं नाही, क्रमांक घालायचा. कलाकारांची पाच नावं पुष्कळ झाली. नामावलीतले सगळे लिहायला बसलं तर काम कधीच संपत नाही.

गावांच्या नावालाही हेच. बेळगावचं अधिकृत नाव १ नोव्हेंबर २०१४ पासून बेळगावी झालं, जुन्या कव्हरांवर आणि शिक्क्यांवर बेळगाव आहे. यादीत दोन्ही रूपं, नोंद एक. यावर ग्रंथालयात वाद घालत बसण्याचं कारण नाही, शोधणाऱ्याला कुठल्याही नावाने सापडलं पाहिजे एवढंच.

कोणतं साल

‘नटरंग’ चित्रपटगृहांत आला १ जानेवारी २०१० ला. राष्ट्रीय पुरस्कार मात्र त्याला २००९ च्या चित्रपटांमध्ये मिळाला, कारण पुरस्कार प्रमाणपत्राच्या वर्षावर ठरतो. दोन्ही सालं बरोबर. त्यामुळे प्रमाणपत्राचं साल, प्रदर्शनाचं साल आणि तबकडी बाजारात आली ते साल असे तीन रकाने झाले. यादीत दिसणारं साल प्रदर्शनाचं. व्हीसीडीवर बऱ्याचदा व्हिडिओसाठी वेगळं घेतलेलं प्रमाणपत्र असतं, त्याची तारीख मूळ चित्रपटाची समजून १९७० च्या दशकातले तमाशापट २००० नंतरचे म्हणून नोंदले गेले होते. प्रमाणपत्राच्या वर्गाकडे बघितलं की हे पकडता येतं: ‘यूए’ हा वर्ग १९८३ मध्ये आला, त्यामुळे त्याआधीच्या चित्रपटाच्या मूळ प्रमाणपत्रावर तो असूच शकत नाही.

नोंद कशी दिसते

दोन तक्ते. एक चित्रपटांचा, एक प्रतींचा. फिल्म संग्रहालयांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाची नियमावली कृती, आवृत्ती, प्रकाशन आणि प्रत असे चार थर करते. गावच्या वाचनालयाला ते झेपत नाही, दोन थर पुरतात. नमुना असा:

चित्रपट क्र. चि-०३२७. नाव: उंबरठा. प्रदर्शन: १९८२. भाषा: मराठी. दिग्दर्शक: जब्बार पटेल. कलाकार: स्मिता पाटील, गिरीश कर्नाड. जोड: चि-०३२८ (सुबह, हिंदी).

दाखल क्र. ०४१२ आणि ०४१३. चित्रपट: चि-०३२७. संच: ०४१२. भाग: १/२, २/२. प्रकार: व्हीसीडी. ध्वनी: मराठी. कव्हर: नाही. स्थिती: ०४१३ वर ओरखडे, ४१ व्या मिनिटाला अडकते. जुनी खूण: एम-२१४. खोके: ७.

जुनी खूण आणि खोके हे रकाने निरुपयोगी वाटतात. सुट्या तबकडीची जोडी शोधताना तेच कामाला येतात.

टंकनातली फजिती

दुकानाच्या संगणकावर एक यादी होती, पण ती युनिकोडपूर्व मराठी फॉन्टमध्ये टाईप केलेली. फॉन्ट नसलेल्या संगणकावर ती नुसती चिन्हांची रांग दिसते. कन्नड यादीचंही तेच, फॉन्ट तेवढा दुसरा. परिवर्तकाने दोन्ही युनिकोडमध्ये आणल्या, पण जोडाक्षरं आणि रफार हाताने तपासावे लागले, आणि कन्नड यादीसाठी कन्नड लिहिता-वाचता येणारं माणूसच बसवावं लागलं. कन्नड नाव कन्नड लिपीत एका रकान्यात आणि देवनागरीत दुसऱ्यात, हे दोन्ही ठेवलंच पाहिजे. कन्नडमध्ये ‘ए’ आणि ‘ओ’ ऱ्हस्व-दीर्घ असे वेगळे असतात, मराठी लेखनात तो फरक राहत नाही. देवनागरीवरून मूळ नाव परत काढता येत नाही.

मराठीतही सगळं सरळ नाही. ‘ॲ’ हे अक्षर एका चिन्हाने लिहिता येतं आणि ‘अ’वर चंद्र देऊनही. डोळ्याला सारखं, संगणकाला वेगळं. ‘ऱ्या’चीही तीच कथा. एकाने एका कीबोर्डवर, दुसऱ्याने दुसऱ्यावर टाईप केलं आणि शोधात अर्धे चित्रपट गायब झाले. उपाय म्हणजे सगळ्यांनी एकच कीबोर्ड वापरायचा आणि आठवड्यातून एकदा शोधा-बदला करून रूपं एकसारखी करायची.

एक्सेलने दोन त्रास दिले. ०४१२ चं ४१२ झालं, म्हणून क्रमांकाचा रकाना आधीच ‘टेक्स्ट’ करून ठेवावा. आणि सीएसव्ही (तक्त्याची साध्या मजकुराच्या रूपातली) फाइल दुहेरी क्लिक करून उघडली की देवनागरीचा चुथडा होतो. ‘डेटा’ मेनूमधून आयात करून यूटीएफ-८ निवडलं की नीट दिसते. एकदा चुथडा झालेली फाइल तशीच सेव्ह केली तर मात्र ती गेलीच.

पुढे हे तक्ते कोहा या ग्रंथालयांसाठीच्या मुक्त संगणक प्रणालीत नेले. मार्क या ग्रंथालयीन नोंदींच्या पद्धतीत प्रत्येक रकान्याला ठरलेला आकडा असतो: मुख्य नाव २४५ मध्ये, इतर नावं २४६, कलाकार ५११, तबकडीचा तांत्रिक तपशील ५३८ आणि भाषेची टीप ५४६ मध्ये जाते. आधी तक्ता स्वच्छ असला की हे काम यांत्रिक आहे, नसला तर कोहात जाऊनही घाण घाणच राहते.

कॉपी करायची का

सगळं डिजिटल करून टाका, असा आग्रह कार्यकारिणीत होताच. कायदा इथे नेमका वाचावा. बिननफा ग्रंथालयाने कायदेशीरपणे मिळवलेली प्रत वाचकाला देणं, हे २०१२ च्या दुरुस्तीनंतर ‘व्यापारी भाडं’ यात मोडत नाही, म्हणून देवघेवीला अडचण नाही. जतनासाठी साठवणुकीची मुभा कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२(१)(एन) मध्ये आहे, पण ती सार्वजनिक, अव्यापारी ग्रंथालयाकडे नॉन-डिजिटल प्रत असेल तेव्हाची. व्हीएचएस कॅसेट त्यात बसते, व्हीसीडी ही मुळातच डिजिटल प्रत. डीव्हीडीचं कुलूप (कॉपी रोखणारी तांत्रिक सोय) तोडण्याबद्दल कलम ६५अ वेगळंच आहे. चित्रपटावरचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो, तेव्हा खूप जुने चित्रपट मोकळे झाले आहेत, पण हेही एकेक करून तपासायचं. निर्णय झाला तो असा: बाजारातल्या तबकड्यांची फक्त तालिका, कॉपी फक्त कॅसेटची. हार्ड डिस्कमधल्या फाइली उतरवलेल्या, म्हणजे मालकी सिद्ध न होणाऱ्या. त्या दाखलच केल्या नाहीत.

कॅसेटमध्येही निवड करावी लागते. बाजारात मिळणाऱ्या चित्रपटाच्या कॅसेटवर वेळ घालवण्यात अर्थ नाही. स्थानिक नाटकांची, मंडळांच्या कार्यक्रमांची, सत्कारांची घरगुती चित्रणं दुसरीकडे कुठेच नसतात, त्यांना पहिला मान. अर्थात त्यासाठी चित्रण करणाऱ्यांची लेखी संमती लागते. कॅसेट जितकी लांब तितकाच वेळ लागतो आणि डीव्ही स्वरूपात तासाला साधारण १३ जीबी जागा जाते, तेव्हा यादी छोटी ठेवणंच बरं. लावण्याआधी कॅसेटच्या मागची छोटी चौकोनी चकती मोडून टाकावी, म्हणजे चुकून त्यावर रेकॉर्डिंग होत नाही. फाइल तयार झाली की तिचा चेकसम (फाइल बदलली का हे ओळखायचा आकडा) तक्त्यात, एक प्रत वाचनालयात आणि दुसरी वेगळ्या इमारतीत.

बर्न केलेल्या ४० सीडींची गाठ मात्र अजून पुरती सुटलेली नाही. त्यांत रंगद्रव्याचा थर असतो, तो छापील तबकडीच्या थरापेक्षा लवकर विटतो, आणि काहींची कड आताच वाचता येत नाही.

मांडणी आणि पुढचं

कपाटात अकारविल्हे नाही, विषयवार नाही, फक्त दाखल क्रमांकाने, तबकड्या उभ्या. मध्ये नवी तबकडी घुसवायची वेळच येत नाही. शोध तालिकेत घ्यायचा, कपाटात नाही. कपाट बाहेरच्या भिंतीपासून सुटं, खालचा कप्पा रिकामा, पावसाळ्यात सिलिका जेलच्या पुड्या आणि त्या महिन्यातून एकदा तापवून परत. आर्द्रता ५० टक्क्यांखाली ठेवणं आदर्श. इथल्या जुलैत ते नुसत्या पुड्यांनी साधत नाही, म्हणून कपाटाच्या दाराला रबरी पट्टी बसवली.

वाचकांसाठी छापील यादी तीन रांगांत लावली: नावाने, कलाकाराने, आणि प्रकाराने (संतपट, ऐतिहासिक, तमाशापट, कौटुंबिक, विनोदी). एवढे पाच प्रकार पुरतात. तबकडी परत आली की दोन्ही भाग डबीत आहेत का हे काउंटरवरच उघडून बघायचं.

ओळख न पटलेल्या तबकड्या वीसेक उरल्या. त्यांना ‘अनोळखी’ असं नाव देऊन टाकलं नाही. दाखल क्रमांक, भाषा, मिनिटं, आरशाच्या पट्टीवरचा क्रमांक आणि चेहरे स्पष्ट दिसतील अशी तीन चित्रं काढून वाचनालयाच्या फलकावर लावली. जुन्या टॉकीजमध्ये काम केलेल्या एका ऑपरेटर मामांनी त्यांतले सात पहिल्या नजरेत सांगितले. त्यांनी सांगितलेलं नावही प्रमाणपत्र किंवा नामावली सापडेपर्यंत तक्त्यात प्रश्नचिन्हासह आहे.